साथ दिली, हिशेब सोडला नाही

जानेवारी 2025 मध्ये अमेरिकेच्या हवाई दलाने सॅन अँटोनियोच्या तळावर नव्या भरतीला दाखवल्या जाणाऱ्या काही चित्रफिती बंद केल्या. त्यांत टस्कीगीच्या वैमानिकांची चित्रफीत होती. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेकडून लढलेले हे पहिले कृष्णवर्णीय लढाऊ वैमानिक. ओरड झाली आणि काही दिवसांत ती चित्रफीत परत आली. मार्चमध्ये संरक्षण खात्याच्या संकेतस्थळावरून मेजर जनरल चार्ल्स रॉजर्स यांच्यावरचं पान नाहीसं झालं. व्हिएतनाममध्ये नोव्हेंबर 1968 मध्ये पुन्हा पुन्हा जखमी होऊनही तोफखान्याचा तळ राखल्याबद्दल त्यांना मेडल ऑफ ऑनर हा सर्वोच्च शौर्यसन्मान मिळाला होता. तेही पान गदारोळ झाल्यावर पुन्हा दिसू लागलं. टस्कीगी हे अलाबामातलं कृष्णवर्णीयांचं कॉलेज, आणि रॉजर्स जिथे शिकले ते वेस्ट व्हर्जिनिया स्टेटही तसंच. गोऱ्यांच्या विद्यापीठांची दारं बंद होती त्या काळात उभी राहिलेली अशी शंभरेक कॉलेजं आज अमेरिकेत आहेत. त्यांना तिथे एचबीसीयू म्हणतात.

त्यानंतर जो वाद पेटला, तो दोन्हीकडून फार वाईट तऱ्हेने घातला जातो आहे. एक बाजू म्हणते, बघा, एवढा अन्याय सोसूनही या कॉलेजांनी देशाला कधी अंतर दिलं नाही, याला म्हणतात देशभक्ती. दुसरी बाजू म्हणते, ज्या सैन्यासाठी रक्तसुद्धा काळ्यांचं वेगळं आणि गोऱ्यांचं वेगळं साठवलं जात होतं, त्या सैन्याला आपली पोरं पुरवणं ही फसगत होती, आणि कॉलेजांचे प्रमुख त्या फसगतीचे दलाल होते. मला यातलं एकही मान्य नाही. या कॉलेजांनी युद्धकाळात जे दिलं त्यातलं मोलाचं सगळं डोळे उघडे ठेवून, अटी घालून आणि हिशेब लिहून ठेवून दिलं. जिथे अट घातली तिथे पदरात काही पडलं. जिथे अट सोडली तिथे हात पोळले. अट घातली म्हणून देशप्रेम कमी पडलं असं मानण्याचं काहीही कारण नाही. ज्याला देश आपला वाटत नाही तो देशाकडे मागणी तरी कशाला करेल?

आधी एक क्रम सरळ करून घेऊ. कॉलेजांनी सैन्याला काय दिलं याची यादी सगळेच देतात. सैनिकांनी कॉलेज उभं केलं, हे क्वचित कोणी सांगतं. यादवी युद्धात उत्तरेकडून लढलेल्या 62व्या कृष्णवर्णीय पलटणीतले बहुतेक जण मिसूरीतले, कालपरवापर्यंत गुलाम असलेले. मिसूरीत 1847 च्या कायद्याने काळ्या माणसाला लिहायला-वाचायला शिकवणं हा गुन्हा होता. ही माणसं छावणीत, कामाच्या पाळ्यांमधून वेळ काढून अक्षरं गिरवायला शिकली. पलटण मोडायची वेळ आली तेव्हा त्यांनी आपल्या पगारातून सुमारे 5000 डॉलर वर्गणी काढली, 65व्या पलटणीनेही भर घातली, आणि 1866 मध्ये जेफरसन सिटीत शाळा सुरू झाली. आजचं लिंकन विद्यापीठ ते हेच. म्हणजे बंदूक आणि पाटी यांची गाठ सरकारने बांधलेली नाही. ती त्या सैनिकांनी स्वतः बांधली, आणि त्या वर्गणीमागचं म्हणणं स्पष्ट होतं: आम्ही लढलो, आता आमच्या माणसांना शिकू द्या. पुढच्या शंभर वर्षांत याच मागणीची वेगवेगळी रूपं दिसतात.

एप्रिल 1917 मध्ये अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरली. सैन्याला अधिकारी हवे होते, ठिकठिकाणी प्रशिक्षण शिबिरं निघाली, पण कृष्णवर्णीय तरुणांना त्यांत प्रवेश नव्हता. मे महिन्यात वॉशिंग्टनच्या हॉवर्ड विद्यापीठात विद्यार्थ्यांनी आणि शिक्षकांनी समिती काढली, देशभरातल्या कृष्णवर्णीय कॉलेजांशी संपर्क साधला, आणि दोन आठवड्यांच्या आत अधिकारी व्हायला तयार असलेल्या दीड हजार तरुणांची नावं जमवून सरकारपुढे ठेवली. आयोवातल्या फोर्ट डेमॉइन इथे त्यांच्यासाठी वेगळं शिबिर उघडलं आणि ऑक्टोबर 1917 मध्ये त्यातून 639 अधिकारी बाहेर पडले. वेगळं शिबिर, हा शब्द विरोधकांना तेव्हाही टोचला होता आणि त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं. वेगळी पंगत स्वीकारली की वेगळ्या पंगतीवर आपणच शिक्का मारतो, असं कृष्णवर्णीयांची कित्येक वर्तमानपत्रं लिहीत होती. यावर नेहमीचं उत्तर असं की, निवड एकत्र शिबिर की वेगळं शिबिर अशी नव्हतीच. वेगळं शिबिर की काहीच नाही, अशी होती. हे उत्तर बरोबर आहे, पण अपुरं आहे. खरं उत्तर त्या शिबिरातून बाहेर पडलेल्या माणसांकडे पाहून मिळतं.

चार्ल्स हॅमिल्टन ह्यूस्टन हॉवर्डला इंग्रजी शिकवत होते. ते डेमॉइनला गेले, लेफ्टनंट झाले, फ्रान्सला गेले. तिथे त्यांच्यावर आणि त्यांच्या सोबतच्या कृष्णवर्णीय अधिकाऱ्यांवर जमाव चालून आला तो शत्रूचा नव्हता, अमेरिकेच्याच गोऱ्या सैनिकांचा होता. या लढाईतून जिवंत परतलो तर कायदा शिकेन आणि ज्यांना उलटून वार करता येत नाही त्यांच्यासाठी लढेन, असं त्यांनी तेव्हाच ठरवलं. ते हार्वर्डमध्ये कायदा शिकले, 1929 मध्ये हॉवर्डच्या लॉ स्कूलची सूत्रं हाती घेतली, आणि संध्याकाळच्या वर्गांचं ते साधं लॉ स्कूल काही वर्षांत वंशभेदाच्या कायद्यांविरुद्ध वकील घडवणारी शाळा करून टाकली. 1933 मध्ये तिथून पहिल्या क्रमांकाने बाहेर पडलेला विद्यार्थी थर्गुड मार्शल. 1954 मध्ये सर्वोच्च न्यायालयात शाळांमधलं वंशविभाजन घटनाबाह्य ठरलं, ते मार्शल यांनी लढवलेल्या खटल्यात. ह्यूस्टन त्या वेळी हयात नव्हते. आता सांगा, डेमॉइनच्या शिबिराने वंशभेद मान्य केला, की त्याच्या मुळावर घाव घालणारा माणूस तयार केला?

तरीही 1918 चा अनुभव विरोधकांच्या बाजूने साक्ष देतो, आणि तो टाळून पुढे जाणं अप्रामाणिकपणाचं होईल. डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस हे फिस्क विद्यापीठाचे, म्हणजे नॅशव्हिलच्या कृष्णवर्णीय कॉलेजाचे पदवीधर आणि त्या पिढीचा सर्वात धारदार आवाज. जुलै 1918 च्या संपादकीयात त्यांनी लिहिलं की युद्ध चालू आहे तोवर आपली खास गाऱ्हाणी विसरू आणि गोऱ्या नागरिकांच्या खांद्याला खांदा लावू. त्यांच्याच चाहत्यांनी त्यांना तेव्हा धारेवर धरलं. सैनिक परतले तो 1919 चा उन्हाळा अमेरिकेच्या शहरांत कृष्णवर्णीयांवरच्या हल्ल्यांचा उन्हाळा ठरला. गणवेशातल्या माणसांनाही जमावांनी सोडलं नाही.

मराठी वाचकाला ही गोष्ट ओळखीची वाटायला हवी, कारण त्याच 1918 मध्ये हाच प्रश्न आपल्याकडे पडला होता. गांधीजी खेडा जिल्ह्यात गावोगाव फिरून साम्राज्यासाठी सैनिक मागत होते, आणि सरकारशी सौदा करायचा नाही अशी त्यांची भूमिका होती. टिळकांनी त्यांना 50 हजार रुपयांचा धनादेश पाठवला आणि पैज लावली: हिंदी माणसाला सैन्यात अधिकारपद मिळेल असं वचन सरकारकडून आधी घ्या, मग महाराष्ट्रातून पाच हजार माणसं मी उभी करतो, नाही केली तर हे पैसे तुमचे. गांधीजींनी तो धनादेश परत केला. 10 जूनला मुंबईच्या युद्ध परिषदेत टिळक स्वराज्य आणि संरक्षण यांची सांगड घालायला लागले तसं गव्हर्नर विलिंग्डनने त्यांना मध्येच थांबवलं, आणि टिळक सभागृह सोडून निघाले. पुढच्या वर्षी रौलट कायदा आला, जालियनवाला झालं. विनाअट दिलेल्या मदतीची किंमत दोन्ही देशांत एकाच वर्षी कळली. टिळक ज्या अधिकारपदांसाठी अडून बसले होते, नेमक्या त्याच अधिकारपदांसाठी हॉवर्डची पोरं वर्षभर आधी यादी घेऊन सरकारच्या दारात उभी होती. टिळकांना कोणी साम्राज्याचा दलाल म्हणत नाही. मग त्या पोरांना का म्हणायचं?

आणि आपल्याकडे हा दुटप्पीपणा एका समाजाच्या बाबतीत आजही चालतो. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी इंग्रजांनी महारांची सैन्यभरती थांबवली. 1894 मध्ये गोपाळबाबा वलंगकरांनी, 1910 मध्ये शिवराम जानबा कांबळे यांनी ती पुन्हा सुरू व्हावी म्हणून अर्ज केले. 1917 मध्ये 111वी महार पलटण उभी राहिली आणि युद्ध संपल्यावर 1921 मध्ये मोडली. दुसरं महायुद्ध आलं, डॉ. आंबेडकरांनी जोर लावला आणि ऑक्टोबर 1941 मध्ये बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली. त्याच 1941 मध्ये, मार्च महिन्यात, अमेरिकेत कृष्णवर्णीयांचं पहिलं लढाऊ विमानदळ स्थापन झालं. या लोकांना परक्याची चाकरी हवी होती असं म्हणणाऱ्याने एवढंच पाहावं की ज्याच्या सावलीचा विटाळ मानला जात होता त्याला गणवेश, पगार, शाळा आणि निवृत्तिवेतन दुसरीकडे कुठे मिळत होतं.

दुसऱ्या महायुद्धाकडे येऊ, कारण टस्कीगीवरून सुरू झालेला वाद तिथेच सुटायला हवा. 1939 मध्ये सरकारने कॉलेजांमधून नागरी वैमानिक घडवायची योजना आखली, आणि कृष्णवर्णीयांच्या दबावामुळे त्या कायद्यात वंशावरून प्रवेश नाकारायचा नाही असं कलम पडलं. वेस्ट व्हर्जिनिया स्टेट, टस्कीगी, हॉवर्ड, हॅम्प्टन, डेलावेअर स्टेट आणि नॉर्थ कॅरोलायना ए अँड टी ही सहा कृष्णवर्णीय कॉलेजं तिच्यात उतरली. टस्कीगीचे अध्यक्ष फ्रेडरिक पॅटरसन यांनी लष्करी वैमानिकांचं केंद्र आपल्याकडे यावं म्हणून जंग जंग पछाडलं. धावपट्टीसाठी रोझेनवाल्ड फंड या दानसंस्थेने 1 लाख 75 हजार डॉलर कर्ज दिलं. पहिल्या तुकडीत 13 जण होते. 7 मार्च 1942 ला त्यांतल्या पाच जणांच्या छातीवर वैमानिकाचे पंख लागले. कृष्णवर्णीयांना विमान चालवण्याची अक्कल नसते असं मानणाऱ्या सैन्यातले ते पाच.

पॅटरसन यांना विरोध झाला, आणि तो करणारे होते विल्यम हेस्टी, म्हणजे हॉवर्ड लॉ स्कूलचेच डीन. युद्धमंत्री स्टिमसन यांचे सल्लागार म्हणून ते सरकारात बसले होते. टस्कीगीचा वेगळा तळ म्हणजे वंशभेदाला नवं विमानतळ बांधून देणं आहे, असं त्यांचं म्हणणं. जानेवारी 1943 मध्ये त्यांनी निषेध म्हणून राजीनामा दिला. बहुतेक लेखांत इथे एकाला देशभक्त आणि दुसऱ्याला बंडखोर ठरवलं जातं. मला वाटतं, दोघांपैकी एकही वगळला तर ही गोष्ट उभी राहत नाही. हेस्टींच्या हातात राजीनाम्याचं अस्त्र आलं कारण सरकारला त्या खुर्चीत कृष्णवर्णीय माणूस बसवावा लागला होता, आणि त्यांच्या टीकेला धार आली कारण शिकून तयार झालेले वैमानिक मोहिमेची वाट पाहत बसून होते. ते नसते तर हेस्टी कशाबद्दल भांडले असते? आणि हेस्टी नसते तर टस्कीगीची एक शोभेची तुकडी झाली असती.

आता पॅटरसन यांच्या बाजूचं सर्वात अवघड सत्य. 1932 पासून अमेरिकेचं सार्वजनिक आरोग्य खातं टस्कीगी ज्या मेकन काउंटीत आहे तिथेच सुमारे 600 गरीब कृष्णवर्णीय पुरुषांवर एक अभ्यास करत होतं. त्यातल्या 399 जणांना सिफिलिस होता. त्यांना तसं सांगितलं नाही, उपचारही दिले नाहीत, रोग शरीर कसा खातो ते फक्त पाहत राहिले. हे 1972 पर्यंत चाललं. टस्कीगी इन्स्टिट्यूटने आणि तिच्या रुग्णालयाने या अभ्यासाला सहकार्य दिलं होतं. युद्धात भरतीच्या वेळी रक्ततपासणी होऊन यांतल्या काहींना उपचाराचे हुकूम सुटले, तेव्हा आरोग्य खात्याने स्थानिक भरती मंडळाला यादी दिली आणि या माणसांना उपचारांतून वगळायला लावलं. एका बाजूला विमानं उडत होती आणि काही मैलांवर ही माणसं मरत होती. सरकारशी सहकार्य करणाऱ्या कृष्णवर्णीय संस्थांवरचा याहून मोठा आरोप मला ठाऊक नाही, आणि त्याला माझ्याकडे प्रत्युत्तर नाही. पण हा आरोप कशावर आहे ते नीट पाहा. या अभ्यासात संस्थेने सरकारला कोणतीच अट घातली नव्हती, कोणी हिशेब मागितला नव्हता, ज्यांचं शरीर पणाला लागलं त्यांना विचारलंही नव्हतं. विमानतळाच्या बाबतीत मात्र वर्तमानपत्रं, वकील, विद्यार्थी आणि खुद्द वैमानिक सरकारच्या मानगुटीवर बसून होते. दोन्हींना सहकार्य या एकाच नावाखाली ढकलणं म्हणजे मूळ फरक पुसून टाकणं.

हे मानगुटीवर बसणं कसं होतं, त्याचा एक प्रसंग. जानेवारी 1943, वॉशिंग्टन. हॉवर्डच्या तीन विद्यार्थिनी एका दुकानातल्या काउंटरवर बसल्या आणि हॉट चॉकलेट मागितलं. नकार मिळाला. त्या उठल्या नाहीत. पोलीस आल्यावर कप समोर आले, पण बिलात प्रत्येकी 10 सेंटऐवजी 25 सेंट लावले होते. त्यांनी वाढीव पैसे न देता नेहमीच्या भावाने पैसे ठेवले आणि निघाल्या, तर बाहेर त्यांना अटक झाली. ही बातमी वसतिगृहात पोचली तेव्हा तिथल्या मुलांना सैन्याची बोलावणी येत होती. पॉली मरे नावाची कायद्याची विद्यार्थिनी गांधींचा सत्याग्रह वाचून बसली होती. एप्रिलमध्ये विद्यार्थी विद्यापीठाजवळच्या एका कॅफेटेरियात तीन-तीन चार-चारच्या गटांनी शिरले, वाढायला नकार मिळाल्यावर रिकामे ट्रे घेऊन टेबलांवर बसले आणि पाठ्यपुस्तकं उघडून वाचू लागले. दोन-तीन दिवसांत मालकाने धोरण बदललं. पुढच्या एप्रिलमध्ये पेनसिल्व्हेनिया अव्हेन्यूवरच्या थॉम्पसन हॉटेलात पन्नासेक विद्यार्थी बसले. बाहेरच्या फलकांवर लिहिलं होतं की आपण मरतो एकत्र, मग जेवूही एकत्र. काही कृष्णवर्णीय सैनिक गणवेशात आत येऊन बसले. त्या संध्याकाळी सगळ्यांना वाढलं गेलं.

त्यानंतर हॉवर्डच्या प्रशासनाने विद्यार्थ्यांना थांबवलं. विद्यापीठ केंद्र सरकारच्या अनुदानावर चालत होतं आणि अनुदानाच्या किल्ल्या दक्षिणेतल्या खासदारांच्या हातात होत्या. दलालीचा आरोप करणारे इथे बोट ठेवतात, आणि ठेवायलाच हवं. ते थांबवणं भित्रेपणाचं होतं असंच मलाही वाटतं. पण ज्या फलकावर मरण्याचा दाखला देऊन जेवणाचा हक्क मागितला होता, तो फलक त्याच आवारात रंगवला गेला. युद्धातली साथ नसती तर त्या वाक्याला वजन कुठून आलं असतं? थॉम्पसन कंपनीचं प्रकरण पुढे वेगळ्या आंदोलनातून सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि 1953 मध्ये राजधानीतल्या हॉटेलांचा वंशभेद बेकायदा ठरला.

त्याच हॉवर्डमध्ये डॉ. चार्ल्स ड्रू शस्त्रक्रिया शिकवत. 1940 मध्ये ब्रिटनवर बॉम्ब पडत होते तेव्हा न्यूयॉर्कहून तिकडे प्लाझ्मा पाठवण्याची व्यवस्था त्यांनी बसवली, मग रेडक्रॉसच्या रक्तपेढीचा पहिला प्रयोग चालवला. आणि रेडक्रॉसने सैन्याच्या मागणीवरून आधी कृष्णवर्णीयांचं रक्त नाकारलं, जानेवारी 1942 पासून घेतलं पण वेगळं ठेवलं. रक्तात वंशाचा काही फरक नसतो, ते वेगळं ठेवण्याला शास्त्रीय आधार नाही, हे ड्रू उघडपणे सांगत राहिले. ज्या माणसाने ही व्यवस्था उभी केली त्याचं स्वतःचं रक्त वेगळ्या बाटलीत गेलं असतं. तरीही ते हॉवर्डमध्ये पुढचे शल्यविशारद घडवत राहिले. यात भाबडेपणा कुठे आहे?

कर्तृत्व दाखवलं की लोकांची मनं बदलतात, असं सांगणाऱ्यांना माझा मात्र विरोध आहे, कारण पुरावा त्यांच्या बाजूचा नाही. 1943 च्या सप्टेंबरमध्ये एका गोऱ्या कमांडरने अहवाल दिला की टस्कीगीच्या तुकडीत लढाऊ वृत्तीच नाही. तुकडीचे प्रमुख बेंजामिन डेव्हिस ज्युनियर यांना वॉशिंग्टनला जाऊन समितीपुढे तिचा बचाव करावा लागला. जानेवारी 1944 च्या शेवटी इटलीतल्या आन्झिओच्या आकाशात त्याच तुकडीने दोन दिवसांत शत्रूची बारा विमानं पाडली, तेव्हा तोंडं बंद झाली, पण विभाजन गेलं नाही. एप्रिल 1945 मध्ये इंडियानातल्या फ्रीमन फील्डवर गोऱ्यांच्या ऑफिसर्स क्लबात शिरल्याबद्दल कृष्णवर्णीय अधिकाऱ्यांना अटक झाली, आणि क्लब वेगळे असल्याचा हुकूम मान्य असल्याची सही करायला 101 जणांनी नकार दिला. सैन्यातलं विभाजन संपवण्याचा राष्ट्राध्यक्ष ट्रूमनचा आदेश 26 जुलै 1948 चा. त्यामागे निवडणूक होती, कामगार नेते ए. फिलिप रँडॉल्फ यांची असहकाराची धमकी होती, आणि आयझॅक वुडर्ड या नुकत्याच सुटलेल्या सैनिकाला दक्षिण कॅरोलायनात पोलिसाने मारून आंधळं केल्याचा धक्का होता. कर्तृत्व आपोआप बोलत नाही. त्याच्या वतीने बोलणारी, सही नाकारणारी, खटला लढवणारी माणसं लागतात, आणि ती माणसं याच कॉलेजांनी पुरवली.

विल्बरफोर्स विद्यापीठाच्या पदवीधर चॅरिटी ॲडम्स यांचंच पाहा. 1945 मध्ये इंग्लंडच्या बर्मिंगहॅममध्ये 855 स्त्रियांच्या कृष्णवर्णीय बटालियनच्या त्या प्रमुख होत्या. युरोपातल्या सैनिकांच्या टपालाचे ढीग गोदामांत साचले होते, पत्त्यावर नुसतं टोपणनाव, एकाच नावाचे हजारो जण. तीन पाळ्यांत, आठवड्याचे सातही दिवस काम करून सहा महिन्यांचं काम त्यांनी तीन महिन्यांत उरकलं. तपासणीला आलेला एक जनरल म्हणाला, तुम्हाला हे कसं चालवायचं ते शिकवायला एक गोरा लेफ्टनंट पाठवतो. त्या म्हणाल्या, माझ्या मुडद्यावरून, सर. कोर्टमार्शलची धमकी आली. त्या मागे हटल्या नाहीत आणि पुढे त्या जनरलनेच त्यांची वाखाणणी केली. कामात कुचराई नाही आणि अपमान सहन करणं नाही, हे दोन्ही एकाच बाईच्या ठायी होतं. तिला कोणत्या रकान्यात बसवणार?

युद्धाने कॉलेजंही बदलली. अटलांटाच्या मोअरहाउस कॉलेजातली मुलं सैन्यात गेल्याने वर्ग रिकामे पडले, म्हणून अध्यक्ष बेंजामिन मेज यांनी हायस्कूल पूर्ण न केलेल्या हुशार मुलांना प्रवेश दिला. 1944 मध्ये त्या वाटेने पंधरा वर्षांचा मार्टिन ल्यूथर किंग आत आला. हे मेज 1936 च्या डिसेंबरअखेर वर्ध्याला जाऊन गांधीजींशी अहिंसेबद्दल बोलून आले होते. युद्धानंतर परतलेल्या सैनिकांना शिक्षणाचा खर्च सरकारने दिला, पण दक्षिणेत कृष्णवर्णीय सैनिकाला हीच कॉलेजं खुली होती आणि जागेअभावी हजारो जणांना परत पाठवावं लागलं. नॉर्मंडीत उतरलेले मेडगर एव्हर्स 1946 मध्ये मिसिसिपीत मतदानाला गेले तेव्हा बंदुका घेतलेल्या गोऱ्यांनी त्यांना अडवलं. मग ते अल्कॉर्न कॉलेजात शिकले आणि त्याच राज्यात मतदार नोंदवण्याच्या कामाला लागले. 1963 मध्ये त्यांचा खून झाला.

व्हिएतनामच्या काळात या कॉलेजांनी देशाची साथ सोडली, असंही एक मत आहे. सोडली नाही, हिशेब थकला होता, तो मागितला. टस्कीगीचा विद्यार्थी सॅमी यंग, वय 21, नौदलात राहून आलेला, 3 जानेवारी 1966 ला पेट्रोल पंपावर गोऱ्यांचं स्वच्छतागृह वापरण्यावरून झालेल्या वादात गोळी घालून मारला गेला. मारणाऱ्याला गोऱ्या ज्युरीने निर्दोष सोडलं. तीनच दिवसांनी, तो ज्या नागरी हक्कांच्या विद्यार्थी संघटनेत काम करत होता, तिने युद्धाविरुद्ध जाहीर निवेदन काढलं, त्यात त्याच्या खुनाचा दाखला होता. पुढच्या वर्षी हॉवर्डच्या विद्यार्थ्यांनी सक्तीच्या भरतीचे प्रमुख जनरल हर्शी यांना व्यासपीठावरून बोलू दिलं नाही. आणि याच काळात नॉर्थ कॅरोलायना ए अँड टीचा जोसेफ मॅकनील हवाई दलात होता. 1 फेब्रुवारी 1960 ला ग्रीन्सबरोच्या वूलवर्थ दुकानात गोऱ्यांच्या काउंटरवर जाऊन बसलेल्या चार विद्यार्थ्यांपैकी हा एक. त्याच कॉलेजाच्या लष्करी प्रशिक्षणातून तो अधिकारी झाला आणि मेजर जनरल म्हणून निवृत्त झाला. काउंटरवर बसलेला मॅकनील आणि गणवेशातला मॅकनील यांत विसंगती दिसते ती आपल्याला. त्याने दोन्ही एकाच आयुष्यात निभावलं.

म्हणून चित्रफीत दाखवायची की नाही, एवढ्यावर वाद अडकवून ठेवणं मला पटत नाही. सप्टेंबर 2023 मध्ये अमेरिकेच्या शिक्षण आणि कृषी खात्यांच्या मंत्र्यांनी 16 राज्यांच्या गव्हर्नरांना पत्रं लिहून कळवलं की कायद्याने गोऱ्यांच्या कृषी विद्यापीठांइतकाच निधी ज्यांना मिळायला हवा होता, त्या कृष्णवर्णीय कॉलेजांना 1987 ते 2020 या काळात 12 अब्ज डॉलरांहून अधिक रक्कम कमी दिली गेली. ज्या ए अँड टीने 1939 मध्ये वैमानिक घडवायला घेतले, ज्याने मॅकनील दिला, त्या एकट्या कॉलेजाची थकबाकी दोन अब्ज डॉलरांच्या आसपास आहे. ही रक्कम कोणत्या वर्षापासून, किती हप्त्यांत आणि कोणत्या अर्थसंकल्पातून द्यायची, हे त्या राज्यांच्या विधिमंडळांनी ठरवायचं आहे, आणि कृष्णवर्णीय कॉलेजांच्या शौर्याबद्दल भाषण करणाऱ्या प्रत्येक आमदाराला तेच आधी विचारायला हवं.